सकीना, तू बाजारातली जागा काहून सोडली

त्या बाजाराच्या दिवशी तिथं कोणकोण होतं ते आधी सांगून ठेवतो, म्हणजे मागून कोणी म्हणू नये का म्हातारीनं मनानंच रचलं. तू होती. मी होती. तुपाचा व्यापारी गोवर्धनसेठ होता. तुहा नवरा यूसुफभाई होता, पलीकडच्या टोकाचा कोंबड्यावाला दौलत होता, अन् माही सून रेखा होती, दिवस भरत आलेले, ओट्याच्या पायरीवर टेकून बसलेली. बाकी सारा बाजार होताच, पण बाजाराले कोणी साक्षीदार म्हणत नाही. त्यातला सेठ गेला, दौलत गेला, यूसुफभाई तुह्या आधी गेला. आता तू गेली. रेखाले विचारलं तं ती म्हणते, आई, माही तं तवा कंबर फुटून राह्यली होती, मले काय आठवते.

म्हणजे उरली मी एकटी. तुले घरातून घेऊन गेले तवापासून मले एका जागी बसवत नाही. चुलीपाशी बसलो का गोठ्यात जावंसं वाटते, अन् गोठ्यात तं आता म्हैसबी नाही. रिकाम्या खुट्याकडं पाहून वापस येतो. तुह्या घरी आल्यागेल्या बायायले तुह्या सुना तुह्या चांगल्या गोष्टी सांगत होत्या. मीबी सांगतल्या. पण माह्या डोक्शात एकच गोष्ट फिरून राह्यली, अन् ती चांगली का वाईट, हेच मले अजून समजलं नाही. सकीना, तू तुही जागा सोडली ते माह्यासाठी सोडली का?

मी तिसरीपर्यंतच शिकली, जसं बोलतो तसंच लिवून राह्यली. तुले तं सारं ठाऊक हाये, पण दुसरं कोणी वाचन त्यालेबी समजलं पाहिजे. म्हणून पह्यल्यापासून सांगतो.

आपण दोघी कढवणाऱ्या. मी केळापूरकडच्या खेड्यातून लोण्याचं तूप कढवून आणो, तू पांढरकवड्यातच आपल्या घरी बकऱ्याची चरबी कढवून आणे. बाजारात आपली जागा बाजूबाजूले. ती कशी पडली ते आठवते ना? मी नवीन होती, मले कोणी बसू देईना. जिथं टोपली ठेवली तिथून उठवे. तू तुहा डबा सरकवला अन् म्हटलं, "बस इथं. माह्या बाजूले कोणी बसत नाही, जागा लय हाये."

मंग मी बसली. मधात एक पोतं टाकलं. त्या पोत्यावर ना तुहा पाय आला ना माहा. तुही गाळणी तुह्याकडं, माही माह्याकडं. मले पान द्याचं असलं तं तू आधी राखेनं हात धुवून ये. माह्याकडं तुपाचं गिऱ्हाईक आलं का तू आपल्या डब्यावर फडकं टाके. अन् तुह्याकडं जे गिऱ्हाईक लपत येये, पदराखाली लोटी घेऊन येणाऱ्या आमच्यातल्याच बाया, त्या आल्या का मी डोळे मिटून डुलकी घेतल्यावानी करो. पोळ्याच्या करीले, दुसऱ्या दिवशी घरोघरी मटण शिजे, तवा तं मी दिवसभर डुलक्याच घेत बसे. तू म्हणे, "अन्सा, आज तुही झोप झाली असन बापा." कोणी ठरवलं नव्हतं हे. इतके वर्ष चाललं.

तुले तुह्या कामाचा अभिमान होता ते मले माहीत हाये. गुरद्याची चरबी येगळी, पोटाची येगळी. बारीक चिरून, मीठ-हळदीच्या पाण्यातून काढून, मंद जाळावर ठेवून तू बसून राहे. जाळ मोठा केला का चरबी करपते, पिवळी पडते. मी तुले एकदा म्हटलं का माह्या तुपाचंबी असंच हाये. तू म्हटलं, "मंग तुह्यात अन् माह्यात फरक काय? तू म्हशीले जिती ठेवून काढते, मी बकऱ्याले मारून काढतो." मले राग आला होता. दोन बाजार मी धड बोलली नाही. मंग तूच थंडीत माह्या टोंगळ्यायले, गुडघ्यायले, चोळाले लसूण घालून चरबी कढवून आणली, अन् राग तिथंच राह्यला. टोंगळे अजून दुखते सकीना. आता कोणाले सांगू?

तवा सारं बदलून राह्यलं होतं, आपल्याले उशिरा समजलं. तुह्या चरबीचं मोठं गिऱ्हाईक म्हणजे वणीच्या रस्त्यावरचे ढाबेवाले. कोळशाच्या ट्रकवाल्यायले जेवू घालत, त्याहीच्या रश्श्याले तुही चरबी लागे. दुसरं गिऱ्हाईक साबणवाल्याचा माणूस, तो खालचा काळा गाळ नेये. यूसुफभाई गॅरेजात काम करे, ड्रायव्हर लोकं त्याले साऱ्या जगाच्या बातम्या सांगत. एक दिवस तो म्हणाला, मुंबईच्या बंदरात मलेशियाचं पामतेल जहाजानं उतरून राह्यलं. तू म्हटलं, उतरू दे. पण पोळ्याच्या आधीच ढाबेवाल्यायनं डबे कमी केले. तेल सस्तं, ओतलं का काम झालं, वास नाही, शाकाहारी गिऱ्हाईकबी खाते. मंग साबणवालाबी बंद झाला, त्याले कोणतं तरी बाहेरचं तेलच सस्तं पडे. तू मले विचारलं, "हा मलेशिया राह्यते कुठी? एकदा भेटलं पाहिजे त्याले. माह्या ढाब्यावर कायले आला म्हणा."

माह्या तुपाचंबी तसंच. सेठ सांगे का तिकडं कोण्या थंड देशात माणसापेक्षा गाई जास्त. त्याहीचं लोणी उरलं का गोठवून जहाजात भरते, अन् इकडं मोठमोठे मिठाईवाले तेच घेते. मले खरं वाटे ना. माही म्हैस आटली तं माह्या शेजारणीले माहीत नसे, अन् तिकडच्या गाईनं दूध जास्त देल्लं का माह्या तुपाचा भाव इथं पडे.

अन् कापसाचं तं काय. त्या वर्षांत आमच्या गावागावात काय झालं ते साऱ्यायले ठाऊक हाये, ते मी इथं लिवत नाही. सेठ म्हणे का अमेरिकेतल्या शेतकऱ्याले त्याचं सरकार पैसे देते, म्हणून त्याले सस्ता कापूस विकणं परवडते. माह्या मालकायनं विचारलं, मंग आपलं सरकार कोणाचं हाये? सेठ हसला. मालक हसले नाही.

त्या साली फरदडीचा कापूस, म्हणजे शेवटच्या वेच्याचा, पिवळा, कवडी पडलेला, कोणी हातात घेईना. गाडीभाडं निघत नव्हतं. मी म्हटलं, विकतच नाही. घरी बसून हातानं रुई येगळी केली, सरकी येगळी केली. रुईच्या गाद्या भरल्या, रेखाच्या बाळंतपणाले होतीन म्हणून. अन् सरकी भिजवून म्हशीले चारली. बाजारात ढेप, म्हणजे जनावराची पेंड, महाग झाली होती, अन् माह्या घरात सरकीचे पोते भरून. मी टोपलं टोपलं चारलं. म्हशीनं दूध देल्लं ते असं घट्ट का साय बोटानं उचलावी. मालक म्हणे, यंदा एवढंच एक बरं झालं.

तूप कढवलं तं ते दगडावानी जमलं. रवा मोठा, रंग पांढरट. दुपारच्या उन्हातबी डब्यात बोट रुते ना. मले तं वाटलं का कस आला. मीच ते तूप सेठले मोठ्या तोऱ्यानं देल्लं, अन् त्यानं ते नागपूरच्या व्यापाऱ्याले धाडलं.

मंग तो बाजार. सेठ आला, सोबत माहाच डबा परत घेऊन आला. तो मोठ्यानं बोलणारा माणूस नव्हता, पण बाजारात हळू बोललेलंच जास्त ऐकू जाते. म्हणाला, "अन्साबाई, नागपूरवाल्यानं डबा वापस केला. त्याच्या तपासणीत हे तूप बसत नाही. यात चरबी हाये म्हणते."

चरबी म्हटलं अन् त्याची नजर तुह्या डब्याकडं गेली. तुह्या तोंडाकडं नाही, डब्याकडं. पण तेवढं पुरलं. माह्यापुढं दोन गिऱ्हाईक उभे होते, त्याहीनं आपल्या लोट्या उचलल्या. रेखा पायरीवरून उठाले लागली, मी म्हटलं बस तू.

तू उठली. मधातलं पोतं ओलांडलं, इतक्या वर्षांत पह्यल्यांदा. माह्या डब्याचं झाकण काढलं, बोटानं तूप उकरलं, आपल्या शिदोरीतल्या भाकरीवर ठेवलं अन् साऱ्यायच्या समोर खाल्लं. चावून चावून खाल्लं. मंग म्हटलं, "सेठ, माही जिंदगी चरबी कढवण्यात गेली. यात चरबी असती तं माह्या जिभेनं पकडली असती. हे तूप हाये."

मले वाटलं, संपलं, निपटलं. तेवढ्यात दौलत कोंबड्या बांधता बांधता म्हणाला, "चरबीवालीच चरबी नाही म्हणते, मंग तं नसनच." लोकं हसले. यूसुफभाई तुले घ्याले आला होता, त्यानं तुहा हात धरला अन् म्हणाला, "चल घर. तेरे बोलने से इसका नुकसान हो रहा है."

ते वाक्य तुह्या मनात बसलं, हो ना? मले तवाच तुह्या तोंडावर दिसलं.

सांजच्याले मी तुह्या घरी आली. तू तोच डबा चुलीच्या उजेडात धरून पाहून राह्यली होती. म्हटलं, "तूप तुहंच हाये. पण जमते माह्या चरबीवानी. काय चारून राह्यली?" मी सरकी सांगतली. तू कपाळाले हात लावला. दौलत बकरेबी पाळे, त्याच्या गोठ्यात जे बकरे सरकीवर पोसले त्याहीची चरबी हिवाळ्यात सुरीनं तोडा लागते, तू म्हटलं. दुसऱ्या दिवशी सेठले सांगतलं, तं तोबी म्हणाला का त्याच्या बापापासून त्याले माहीत हाये, कापसाच्या मुलखातलं तूप कडकच असते. पण त्याचा माल आता दूर जाते, तिकडच्या माणसाले कोण समजावन? सरकी बंद करा, नवीन कढवा, मी परत धाडून पाहतो. सेठ वाईट माणूस नव्हता. वेळ त्याचीबी बरी नव्हती.

सरकी बंद केली. तुरीचं कुटार, म्हणजे भुसा, अन् कडबा, थोडी जवसाची ढेप चारली. म्हशीनं दूध अर्धं केलं, मालक माह्यावर चिडले. पण तूप मऊ आलं, पिवळसर, जसं आधी येये तसं. मी ते घेऊन बाजारात आली. मले तुले दाखवाचं होतं. तुह्या बाजूले बसून, तुह्या डब्याले लागून, साऱ्या बाजारादेखत मले ते तूप सेठले द्याचं होतं, का पाहा, चरबीवाली इथंच हाये अन् तूपबी चोख हाये.

तुही जागा रिकामी होती. पोतं घडी करून ठेवलेलं होतं, माह्या बाजूले.

तू दौलतच्या कोंबड्यायपाशी बसली होती, पार त्या टोकाले, जिथं घाण धुतल्याचं पाणी वाहते. मी टोपली तशीच घेऊन तिकडं आली. विचारलं, इथं काहून? तू म्हटलं, तिकडं ऊन लागते.

"ऊन इतके वर्ष लागत नव्हतं का?"

"आता म्हातारी झालो ना. अन् इथं गिऱ्हाईक चांगलं हाये. कोंबडी घेते तो चरबीबी घेते. तुह्या बाजूले कोण येये?"

मी टोपली तिथंच टेकवली. म्हटलं मंग मीबी इथंच बसतो. तू उठून उभी राह्यली. तू बसली तं मी घरी जाईन, म्हटलं, अन् खरंच डबा डोक्यावर घेतला अन् चालाले लागली. दौलत म्हणे, बायांनो, भांडाचं असन तं तिकडं जा, माह्या कोंबड्या अंडं द्याचं सोडतीन. मी तुह्या मागं हाका मारत गेली. तू वळून पाह्यलं नाही. पुढच्या बाजारी मी परत आली, तू परत उठली. तुह्या डब्यातलं काहीच विकलं गेलं नव्हतं, ते मी पाह्यलं. मंग मी माह्या जागी वापस आली. काय करू? तुहा बाजार मोडाचा का?

अन् सकीना, त्यानंतर जे झालं ते मले अजून चावते. माहं तूप पास झालं. पण ते सरकी बंद केल्यानं झालं, हे कोणालेच दिसलं नाही. बाजारानं एवढंच पाह्यलं का चरबीवाली उठून गेली अन् तूप चांगलं झालं. गिऱ्हाईक वापस आले. एक बाई मले म्हणे, बरं केलं हाकलली ते. मी म्हटलं, मी नाही हाकलली. ती हसली, जशी समजूतदार माणसं हसते तशी. यूसुफभाई कितीतरी दिवस माह्याशी बोलला नाही. त्यालेबी तसंच वाटलं असन.

म्हणून मी तुह्याशी भांडत राह्यली. तू एक महिना थांबली असती तं दोघीचंबी नाव साफ झालं असतं. तू उठली, म्हणून माहं झालं अन् तुहं राह्यलं. मी असं म्हटलं का तू म्हणे, "किती येळा सांगू, गिऱ्हाईकासाठी उठली." ईदीले शीरखुर्मा वाढताना विचारलं, तेच. रेखाच्या पोरीच्या बारशाले विचारलं, तेच. रेखानं ते वापस आलेलं सारं तूप बाळंतपणात खाल्लं, डिंकाच्या लाडवात, अन् पोरगी कशी धडधाकट झाली. तू तिले मांडीवर घेऊन म्हटलं, नागपूरवाल्याले दाखवा इले.

मंग दोन हिवाळे गेले, अन् सेठनंच सांगतलं का आता सुटं तूप कोणी घेत नाही, पाकिटातलं पाहिजे. त्याचंबी दुकान बसलं. तुही चरबी तं त्याच्या आधीच घरापुरती झाली होती. ज्याच्यासाठी एवढं झालं, तेच राह्यलं नाही. ना तूप, ना चरबी. दोघी घरी बसलो. तू ताकाले येये, मी उगाच येये. भांडण तेवढं राह्यलं. खरं सांगू, त्या भांडणासाठीच मी येये.

या खेपेले मी आली तवा तू खाटेवर होती. श्वास पुरत नव्हता. तुही सून म्हणे, मावशी, जास्त बोलू नका. मी तुहा हात धरला. ठरवून आली होती का विचाराचं नाही. अन् विचारलंच. आतातरी सांग म्हटलं.

तू डोळे उघडले. हसली का खोकलली ते मले समजलं नाही. म्हटलं, "अन्सा, तू सेठपेक्षा जास्त तपासते." अन् मंग, "दौलतले विचार. त्याले माहीत हाये किती गिऱ्हाईक होतं."

दौलतले जाऊन किती वर्ष झाले. तुले ते आठवत नव्हतं, का आठवत होतं म्हणूनच तसं म्हटलं? पाय रोज त्याच वाक्यापाशी येऊन थांबते अन् परत चालाले लागते. माह्यासाठी उठली असन तं मी तुहे उपकार मानले असते, पण तू मले मानूच देल्ले नाही. अन् खरंच गिऱ्हाईकासाठी उठली असन, तं मी इतके वर्ष तुले उगाच छळलं, अन् तू ते हसत सोसलं. तुह्या चाळिसाव्या दिवसाले मी येईन. जे जेवण होईन ते खाईन. पण मनातलं हे ओझं कोणापाशी उतरवू ते मले समजत नाही.

म्हणून जे कोणी हे वाचून राह्यले, त्यायले एक मागणं हाये. त्या वर्षांत पांढरकवड्याच्या बाजारात कोंबड्याच्या रांगेच्या टोकाले सकीना चरबी घेऊन बसे. तुमी, नाहीतं तुमच्या मायनं, तिच्याकडून तिथं चरबी घेतली असन, तिच्यापुढं गिऱ्हाईक उभं पाह्यलं असन, का तिले रिकामी बसलेली पाह्यलं असन, तं मले येऊन सांगा. जे पाह्यलं तेच सांगा. माह्या मनासारखं करून सांगू नका.